कॅमेरा नानूकच्या नातवंडांकडे

१९७५ साली इग्लूलिकमध्ये मतदान झालं. कॅनडाच्या पार उत्तरेला, फॉक्स बेसिन नावाच्या समुद्रातलं हे एक सपाट बेट, आणि त्यावर त्याच नावाचं गाव. नोव्हेंबरच्या अखेरीस मावळलेला सूर्य तिथं जानेवारीच्या मध्यावरच पुन्हा तोंड दाखवतो. या मतदानातून कुणी निवडून यायचं नव्हतं. गावात टेलिव्हिजन येऊ द्यायचा की नाही, एवढंच ठरवायचं होतं. गावानं नाही म्हटलं. १९७९ मध्ये पुन्हा विचारणा झाली, तेव्हाही गावाचं उत्तर बदललं नाही.

मुंबईत दूरदर्शन केंद्र सुरू होऊन पहिल्या मतदानाच्या वेळी जेमतेम तीन वर्षं झाली होती. त्याच १९७५ मध्ये भारत सरकार 'साइट' नावाच्या प्रयोगातून उपग्रहाच्या मदतीनं दोन हजारांहून जास्त खेड्यांत टीव्ही नेत होतं. ज्या घरी संच यायचा, त्या घराच्या खिडकीला सगळी आळी चिकटून उभी राहायची, असा तो काळ. अशा काळात जगाच्या टोकावरचं एक गाव दारात आलेली ही पेटी दोनदा परत पाठवतं. आणि तेच गाव पुढच्या पंचवीस वर्षांत स्वतःच्या भाषेत, स्वतःच्या हातांनी चित्रपट काढून थेट कानच्या महोत्सवात जातं. या दोन गोष्टी एकमेकींच्या विरुद्ध वाटतात. माझ्या मते त्या एकच गोष्ट आहेत. ती समजून घ्यायची तर सुरुवात एका खाणशोधकापासून करावी लागते.

उत्तर ध्रुवाजवळच्या प्रदेशात राहणाऱ्या लोकांना आपल्या भूगोलाच्या पुस्तकांनी 'एस्किमो' म्हटलं. बर्फाचं घर, कातड्याचा अंगरखा, कुत्र्यांची गाडी, एवढ्यावर त्यांचा धडा संपायचा. ते स्वतःला 'इनुइट' म्हणतात. त्यांच्या इनुक्टिटूट भाषेत या शब्दाचा अर्थ 'माणसं' इतकाच आहे. त्यांचं जे चित्र आपल्या, आणि साऱ्या जगाच्या, डोळ्यांसमोर उभं राहतं, ते बरंचसं एका चित्रपटातून आलं आहे. तो काढला रॉबर्ट फ्लॅहर्टी यांनी.

फ्लॅहर्टी अमेरिकन. कॅनडातले रेल्वेसम्राट विल्यम मॅकेन्झी यांनी त्यांना हडसन उपसागराच्या किनाऱ्यावर लोखंडाचं खनिज शोधायला पाठवलं होतं. १९१३ च्या मोहिमेत त्यांनी सोबत कॅमेरा नेला. दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' मुंबईच्या कोरोनेशन थिएटरात लागला तेही हेच वर्ष. त्या काळातली फिल्म नायट्रेटची, ठिणगी पडली तरी भडकणारी. १९१६ मध्ये टोरांटोत काम करताना फ्लॅहर्टींच्या हातातली सिगारेट निगेटिव्हवर पडली आणि कित्येक हजार फूट चित्रण जळून गेलं. एक प्रत वाचली होती, पण ती त्यांना स्वतःलाच पसंत नव्हती. ते पुन्हा उत्तरेला निघाले. या खेपेला लोखंडासाठी नाही, केवळ चित्रपटासाठी. पैसे दिले रेव्हियाँ फ्रेर या फरचा व्यापार करणाऱ्या फ्रेंच कंपनीनं.

ऑगस्ट १९२० ते ऑगस्ट १९२१ असं वर्षभर ते हडसन उपसागराच्या पूर्व किनाऱ्यावर, पोर्ट हॅरिसनला राहिले. या जागेचं आजचं नाव इनुकजुआक. चित्रपटात शिकारी नानूक झालेल्या माणसाचं खरं नाव अल्लाकरियाल्लाक. 'नानूक' म्हणजे पांढरं अस्वल. पडद्यावरच्या त्याच्या बायका त्याच्या बायका नव्हत्या. बंदुका त्या भागात पोचून बराच काळ लोटला होता, तरी पडद्यावर शिकार भाल्यानंच करायची असं ठरलं. खऱ्या इग्लूत कॅमेरा मावेना आणि उजेडही पुरेना, म्हणून मोठा इग्लू बांधून तो एका बाजूनं उघडा ठेवला. त्या उघड्या, गारठलेल्या घरात कुटुंब झोपेतून उठल्याचं चित्रण झालं. वॉलरसच्या शिकारीची हकिगत फ्लॅहर्टींनी स्वतःच लिहून ठेवली आहे. दोराला लागलेलं ते धूड माणसांना समुद्राकडे ओढू लागलं. माणसं ओरडून बंदूक चालवायला सांगत होती. फ्लॅहर्टींनी ऐकू न आल्यासारखं केलं आणि कॅमेऱ्याचा दांडा फिरवत राहिले.

पण त्या वर्षात आणखीही काही घडत होतं आणि ते सहसा सांगितलं जात नाही. फिल्म धुवायला लागणारं पाणी इनुइट माणसं बर्फाला भोक पाडून पिंपांत भरून आणत. त्यात कातडी कपड्यांचे केस पडले तर ते वेचून काढत. कॅमेरा बिघडला तर दुरुस्त करत. धुतलेली फिल्म फ्लॅहर्टी त्यांना त्या झोपडीतच पडद्यावर दाखवत. वॉलरसचं दृश्य पहिल्यांदा लागलं, तेव्हा बघणारे उठून पडद्यावरच्या नानूकला 'धर, सोडू नको' असं ओरडून सांगत होते, असंही फ्लॅहर्टींनी लिहिलं आहे. म्हणजे जगातल्या पहिल्या मोठ्या माहितीपटाचे पहिले तंत्रज्ञ आणि पहिले प्रेक्षक इनुइटच होते. श्रेयनामावलीत तंत्रज्ञ म्हणून त्यांची नावं नाहीत, आणि पडद्यावर जी आहेत तीही बहुतेक खोटी.

जून १९२२ मध्ये न्यूयॉर्कच्या कॅपिटल थिएटरात 'नानूक ऑफ द नॉर्थ' लागला आणि गाजला. 'डॉक्युमेंटरी' हा शब्द जॉन ग्रीअरसन यांनी फ्लॅहर्टींच्याच पुढच्या चित्रपटाबद्दल लिहिताना १९२६ मध्ये वापरला आणि रुळवला. नानूक पुढं दोन वर्षांत शिकार न मिळाल्यामुळे उपासमारीनं मेला, असं फ्लॅहर्टी सांगत राहिले. अल्लाकरियाल्लाक यांचा मृत्यू बहुधा घरीच, आजारानं, क्षयानं झाला असावा. बर्फात भुकेनं मरण ही कथा म्हणून अधिक शोभते. क्षय हा रोग मात्र बाहेरच्यांबरोबर तिकडे गेलेला, आणि त्यानं पुढं हजारो इनुइट कुटुंबं फोडली.

फ्लॅहर्टींच्या मागं आणखी एक गोष्ट राहिली. चित्रपटात 'नायला' झालेल्या मॅगी नुजार्लुक्तुक यांना फ्लॅहर्टी परतल्यानंतर काही महिन्यांनी मुलगा झाला. त्याचं नाव जोसेफी. बापानं त्याला कधी पाहिलं नाही. १९५३ मध्ये कॅनडा सरकारनं इनुकजुआकमधली काही कुटुंबं उचलून सुमारे दोन हजार किलोमीटर उत्तरेला, जिथं महिनोन्महिने अंधार असतो अशा ओसाड किनाऱ्यांवर नेऊन सोडली. नाही आवडलं तर दोन वर्षांत परत आणू, असं सांगितलं होतं. शब्द पाळला गेला नाही. १९५५ मध्ये गेलेल्या तुकडीत जोसेफी फ्लॅहर्टी, त्यांची बायको आणि मुलं होती. ज्या सिनेमानं जगाला इनुइटांवर प्रेम करायला शिकवलं, त्याच्या दिग्दर्शकाच्या मुलाच्या वाट्याला हे आलं. पडद्यावरच्या माणसावर प्रेम करणाऱ्या जगाला त्या माणसाच्या मुलाबाळांची खबर नसते, हे मला या सगळ्या इतिहासातलं सर्वांत बोचणारं सत्य वाटतं.

ही कुटुंबं म्हणजे एका मोठ्या उलथापालथीचा एक भाग होती. १९५० आणि ६० च्या दशकांत भटकं आयुष्य जगणाऱ्या इनुइटांना सरकारनं वसाहतींत आणलं. शाळा तिथं, दवाखाना तिथं, भत्ता तिथं. सरकारी कागदांवर इनुइट नावं लिहिणं अवघड जातं म्हणून १९४० च्या दशकापासून प्रत्येकाला एक क्रमांक आणि तो कोरलेली छोटी चकती दिली गेली. आडनावं नंतर, १९७० च्या आसपास मोहीम काढून लावली. मिशनऱ्यांनी डफावरचा नाच आणि अंगक्कांचे, म्हणजे तिथल्या शामनांचे, विधी पाप ठरवले. बायकांच्या चेहऱ्यावर आणि हातांवर गोंदण्याची प्रथा बंद पडली. मुलं निवासी शाळांत गेली आणि इंग्रजी घेऊन परतली. गाडीची कुत्री मोठ्या संख्येनं मारली गेली. कुत्री गेली की जमिनीवर जाणं थांबलं, आणि जमिनीवर जाणं थांबलं की त्या जमिनीचे शब्द तोंडातून जाऊ लागले. बर्फाच्या कोणत्या थरावर पाय ठेवायचा, कोणत्या थरातून इग्लूची लादी कापायची, हे सांगणारे शब्द गावातल्या तापवलेल्या लाकडी घरात बसून कुणाला लागतात?

याच सुमारास, १९६३ ते ६५ या काळात, असेन बालिक्सी या मानवशास्त्रज्ञानं पेली बे इथल्या नेत्सिलिक इनुइटांकडून त्यांच्या आजोबांच्या वेळचं, बंदुकीआधीचं आयुष्य पुन्हा करवून घेतलं आणि त्यावर चित्रपटांची एक मालिका काढली. काम मोलाचं आहे, कारण त्यातली माणसं ती कामं खरोखर जाणणारी होती. पण ती मालिका गेली अमेरिकेतल्या शाळांत, तिकडच्या मुलांना शिकवायला.

१९५७ मध्ये कपुइविक नावाच्या एका मुक्कामाच्या जागी मातीच्या घरात झकारियास कुनुक जन्मले. नऊ वर्षांचे असताना त्यांना शाळेसाठी इग्लूलिकला आणलं. गावच्या सभागृहात सिनेमे लागत. तिकिटाच्या पैशांसाठी पोरगा मऊ दगडाच्या मूर्ती कोरून विकायचा आणि जॉन वेनचे घोडेस्वारीचे सिनेमे बघायचा. त्या सिनेमांत आपण सैनिकांच्या बाजूनं असायचो, इंडियन लोकांच्या विरुद्ध, हे त्यांनी पुढं अनेकदा सांगितलं आहे. आपण स्वतः कोणत्या बाजूचे आहोत, हे त्या मुलांना तेव्हा कोण सांगणार?

मग टेलिव्हिजन आला. कॅनडानं नोव्हेंबर १९७२ मध्ये स्वतःचा दळणवळण उपग्रह सोडला आणि त्याला 'अनिक' हे इनुक्टिटूट नाव दिलं. अर्थ 'भाऊ'. या भावाला त्यांची भाषा मात्र येत नव्हती. दक्षिणेतल्या शहरांचे कार्यक्रम इंग्रजीत आणि फ्रेंचमध्ये उत्तरेच्या गावांवर दिवसभर कोसळू लागले. इग्लूलिकच्या वडीलधाऱ्यांनी शेजारच्या वसाहतींत काय होतंय ते पाहिलं होतं. संध्याकाळी एकमेकांकडे जाणं कमी झालं, मुलं आजीआजोबांशी इंग्रजीत बोलू लागली आणि आजीआजोबांना ती भाषा कळेना. त्यांचं म्हणणं साधं होतं : आमच्या भाषेत काही असेल तर आणा. पुढं रोझमरी कुप्ताना या इनुइट नेत्यांनी सरकारी प्रसारण आयोगापुढं टीव्हीची तुलना न्यूट्रॉन बॉम्बशी केली. तो बॉम्ब इमारती उभ्या ठेवून माणसं मारतो. हा माणसं उभी ठेवून त्यांच्यातला जीव मारतो, असा त्यांचा आशय होता.

रडगाणं गाऊन हे लोक थांबले नाहीत, म्हणूनच हा इतिहास लिहावासा वाटतो. १९७८ पासून 'इनुकशुक' नावाच्या प्रकल्पात इनुइट तरुणांनी व्हिडिओचं प्रशिक्षण घेतलं. त्यातून जानेवारी १९८२ मध्ये इनुइट ब्रॉडकास्टिंग कॉर्पोरेशन सुरू झालं. आठवड्याला मोजके तास, पण इनुक्टिटूटमध्ये. मुलांसाठी बाहुल्यांचा 'ताकुगिनाई' हा कार्यक्रम १९८० च्या दशकातच सुरू झाला आणि त्यावर पिढ्या वाढल्या. आपल्या भाषेतले कार्यक्रम मिळणार हे दिसल्यावरच इग्लूलिकनं टीव्हीला होकार दिला. गावाचा विरोध यंत्राला कधीच नव्हता.

त्याआधीच, १९८१ मध्ये, कुनुक आपल्या दगडी मूर्ती विकायला माँट्रियलला गेले होते. आलेल्या पैशांतून त्यांनी व्हिडिओ कॅमेरा, रेकॉर्डर आणि टीव्ही घेतला आणि हे सगळं टीव्ही नसलेल्या गावात नेलं. त्यांना आठवतं ते असं : आपण घेतलेलं चित्रण घरी लावलं की मुलं खिडकीबाहेर जमून आत डोकावायची. आपल्याकडच्या खिडक्यांसारखीच ही खिडकी. फरक इतकाच की आतल्या पडद्यावर त्यांच्याच गावची माणसं होती.

शिकारीहून परतलेला बाप चहा पिताना दिवसभराची हकिगत सांगतो. ती गोष्ट चित्रात सांगता येईल का, या विचारानं आपण कॅमेरा घेतला, असं कुनुक सांगतात. काही वर्षं त्यांनी आणि पॉल अपाक अँगिलर्क यांनी त्या प्रसारण संस्थेच्या इग्लूलिक केंद्रात काम केलं. पण कोणता कार्यक्रम किती मिनिटांचा, याचे निर्णय दूर ओटावात होत. १९८५ मध्ये नॉर्मन कोन या न्यूयॉर्कमध्ये वाढलेल्या व्हिडिओ कलावंताशी गाठ पडली. कोन पुढं इग्लूलिकला येऊन राहिले. चौथे पावलुसी कुलितालिक, वयानं मोठे, जमिनीवरचं आयुष्य पुरतं जगलेले. या चौघांनी १९९० मध्ये 'इसुमा' ही कंपनी काढली, कॅनडातली पहिली स्वतंत्र इनुइट चित्रसंस्था. इसुमा म्हणजे विचार करणं.

इसुमाची पद्धत समजून घेण्यासारखी आहे, कारण साऱ्या कामाचा प्राण तीत आहे. 'कागिक' हा १९८९ चा त्यांचा सुरुवातीचा व्हिडिओ. कागिक म्हणजे सगळ्यांनी एकत्र जमायचा मोठा इग्लू. १९३० च्या दशकातली चार कुटुंबं वसंताच्या स्वागताला तो बांधतात, खेळ होतात, डफ वाजतो, एक लग्न जुळतं. लिहिलेले संवाद जवळपास नव्हतेच. प्रसंग सांगायचा आणि माणसांनी तो आपापल्या परीनं जगायचा. पण चित्रीकरण करायचं तर आधी इग्लू बांधावा लागतो, आणि इतका मोठा इग्लू कित्येक वर्षांत कुणी बांधलेला नव्हता. म्हणजे म्हाताऱ्यांना बोलवायचं, त्यांनी पोरांना दाखवायचं, लादी कापताना सुरी कशी तिरकी धरायची ते सांगायचं. कपडे हवेत, तर बायकांनी कातडी कमवून शिवायची. कुत्र्यांची गाडी हवी, तर कुत्री पाळायची आणि गाडीला जुंपायला शिकवायची. पडद्यावर एक तास दिसणाऱ्या गोष्टीसाठी गाव महिनोन्महिने जुनी कामं नव्यानं शिकत होतं. टेप हा या व्यवहाराचा एक भाग. शिकलेले हात हा दुसरा, आणि मला तो मोठा वाटतो.

१९९४-९५ मधली 'नुनावुत' ही तेरा भागांची मालिका याच रीतीनं झाली. काळ निवडला १९४५-४६ चा. कारण उघड होतं. तेव्हा तरुण असलेली माणसं अजून हयात होती आणि वसाहतीआधीचं ते जवळजवळ शेवटचं आयुष्य होतं. कुत्र्यांच्या गाडीपासून गोष्ट सुरू होते. मग दगडाचं घर, वॉलरसची शिकार, कॅरिबू हरणांच्या मागावर जाणं, असं वर्ष फिरतं आणि नाताळात संपतं. एका भागात पाद्री येतो आणि जुन्या चालीरीती सोडायला सांगतो. हे दृश्य साकारणाऱ्यांपैकी अनेकांच्या आईबापांनी ते प्रत्यक्ष सोसलेलं. ते साकारताना त्यांच्या चेहऱ्यावर जे येतं, त्याला अभिनय म्हणावं का, मला ठरवता येत नाही.

१९९१ मध्ये मारी-एलेन कुझिनो यांच्याबरोबर गावातल्या बायकांनी 'अर्नाइत' हा स्वतःचा गट काढला. अर्नाइत म्हणजे स्त्रिया. पुरुषांच्या कॅमेऱ्याला शिकार दिसते. शिकार घरी आल्यावरचं जग बायकांनी पडद्यावर आणलं. बाळंतपणं, शिवण, उपासमारीच्या वर्षांच्या आठवणी. १९९३ च्या त्यांच्या 'कुल्लिक' या छोट्याशा व्हिडिओत इग्लूमध्ये बायका दगडी दिवा लावतात, बस एवढंच. सीलची चरबी, वनस्पतीच्या तंतूंची वात, आणि ज्योत सारखी राहावी म्हणून ती हळूहळू चाळवणारा हात. सोबत गाणं. त्या भागात हा दिवा म्हणजे उजेड, ऊब, चूल आणि कपडे वाळवायची जागा, सगळं एकच. तो नीट पेटता ठेवणं हे बाईचं कसब. जात्यावरच्या ओव्या ऐकलेल्या मराठी माणसाला काम आणि गाणं यांची ही गाठ वेगळी समजावून सांगावी लागणार नाही. जातं गेलं तशी ओवी गेली. तिथंही दिवा विझला तसं गाणं विझत होतं.

पॉल अपाक यांना लहानपणी ऐकलेली एक दंतकथा चित्रपटात आणायची होती : भावाच्या खुनातून निसटून समुद्राच्या बर्फावरून नागवा पळत सुटलेला अतानार्जुआत. त्यांनी आठ वृद्धांकडून ती कथा वेगवेगळी ध्वनिमुद्रित करून घेतली आणि त्यांतून पटकथा इनुक्टिटूटमध्ये बांधली. पैसे देणाऱ्यांना वाचता यावी म्हणून ती मग इंग्रजीत आणावी लागली. १९९८ च्या अखेरीस अपाक कर्करोगानं गेले. चित्रीकरण त्यांच्या मागं १९९९ मध्ये झालं. जुने कपडे कसे होते हे ठरवताना गावातल्या वृद्धांच्या आठवणींबरोबर आणखी एक साक्ष कामी आली. १८२२-२३ मध्ये ब्रिटिश नौदलाची दोन जहाजं इग्लूलिकला हिवाळा काढून गेली होती आणि त्यांतल्या कॅप्टन जॉर्ज लायन यांनी तिथल्या लोकांची रेखाटनं केली होती. परक्यानं काढलेली चित्रं पावणेदोनशे वर्षांनी गावच्या शिवणकामाला उपयोगी पडली. २००१ मध्ये 'अतानार्जुआत' ला कान महोत्सवात पदार्पणाच्या चित्रपटासाठीचा 'कॅमेरा दॉर' मिळाला. हा कथापट आहे, माहितीपट नाही, हे खरं. पण दहा वर्षं माहितीपटांतून कमावलेली पद्धत, माणसं आणि शिवलेली कातडी नसती तर तो झालाच नसता.

इथं एक आक्षेप घेतला जातो. फ्लॅहर्टींनी जुनं आयुष्य रचून दाखवलं म्हणून त्यांना दोष द्यायचा आणि इसुमानं तेच केलं तर वाखाणायचं, हे कसं? प्रश्न रास्त आहे. रचना दोघांनीही केली. माझं उत्तर असं की फ्लॅहर्टींनी बंदूक लपवून ते 'आजचं' म्हणून दाखवलं. इसुमा काळ सांगते, हे १९४५ आहे म्हणते, आणि ज्यांची आठवण आहे त्यांनाच ती मांडायला लावते. शिवाय चूक झाली तर गावातली एखादी आजी दुसऱ्या दिवशी दुकानात गाठून सांगणार, ही धास्ती फ्लॅहर्टींना नव्हती. इनुकजुआकच्या लोकांनी 'नानूक' बद्दल आपलं मत दिलंच, पण खूप उशिरा. १९९० च्या एका फ्रेंच माहितीपटात ते तो चित्रपट बघताना दिसतात आणि सीलच्या शिकारीच्या दृश्याला हसतात. दोराचं दुसरं टोक कॅमेऱ्याबाहेरची माणसं ओढत होती, हे तिथं साऱ्यांना माहीत होतं. तरीही तो चित्रपट फेकून द्यावा असं ते म्हणत नाहीत. त्यात त्यांचे आजोबा आहेत.

परिणाम काय झाले, हे आता काही अंशी मोजता येतं. बंद पडलेल्या गोंदणाचा शोध घेणारा 'तुनीत' हा माहितीपट अलेथिया अर्नाकुक-बारिल यांनी २०१० च्या सुमारास केला आणि तो करताना स्वतःच्या चेहऱ्यावर गोंदून घेतलं. आज इनुइट तरुणी हनुवटीवर त्या रेषा उघडपणे मिरवतात. अर्नाकुक-बारिल यांच्याच २०१६ च्या 'अँग्री इनुक' नं सीलच्या कातड्यावरच्या युरोपीय बंदीची दुसरी बाजू मांडली. त्या बंदीत इनुइटांना सूट होती, पण बाजारच बुडाल्यावर त्या सवलतीचा उपयोग काय, हे जगानं इनुइट शिकाऱ्याच्या तोंडून ऐकलं. जोसेफी फ्लॅहर्टींची मुलगी मार्था यांनी स्थलांतराची कहाणी चौकशी आयोगापुढं आणि नंतर 'मार्था ऑफ द नॉर्थ' या माहितीपटात सांगितली. कुनुक यांनीही याच विषयावर माहितीपट केला. ऑगस्ट २०१० मध्ये कॅनडा सरकारनं माफी मागितली. माफी एका चित्रपटानं मिळत नसते, त्यामागं दशकांची लढाई होती. पण कागदोपत्री क्रमांक असलेल्या माणसांना चेहरा आणि आवाज देण्याचं काम या चित्रणांनी केलं.

आणि लोखंड. फ्लॅहर्टी ज्याच्या शोधात आले होते, ते बॅफिन बेटावर मेरी नदीच्या काठी भरपूर निघालं. खाणीच्या परवान्यासाठी २०१२ मध्ये जनसुनावण्या झाल्या तेव्हा कुनुक तिथं कॅमेरा घेऊन होते, आणि साक्ष देणारे म्हणूनही होते. लोकांना काय होणार आहे हे त्यांच्या भाषेत कळलं पाहिजे, हा त्यांचा आग्रह. त्यातून 'माय फादर्स लँड' हा माहितीपट झाला. खाण थांबली नाही. २०१५ पासून जहाजं खनिज वाहून नेतात.

ही वाट सुखाची झाली असं मात्र नाही. सरकारी अनुदानावर टेकलेली इसुमाची मूळ कंपनी २०११ मध्ये कर्जात बुडाली. माणसांनी दुसऱ्या नावानं काम चालू ठेवलं. हजारो तासांच्या जुन्या टेप खराब होत चालल्या होत्या. २००८ मध्ये त्यांनी जगभरच्या मूलनिवासी भाषांतल्या चित्रणांसाठी इंटरनेटवर 'इसुमा टीव्ही' उघडलं, पण उत्तरेकडच्या गावांत इंटरनेट इतकं मंद की गावातली माणसंच आपले चित्रपट पाहू शकत नव्हती. त्यावर तोड म्हणून गावोगावी छोटे संगणक बसवून चित्रपट तिथंच साठवले आणि स्थानिक केबलवर सोडले. इंग्रजीची ओढ अजूनही जबर आहे. आणि टेप बघून बर्फ वाचता येत नाही. त्यासाठी कुणाच्या तरी मागोमाग बर्फावर जावंच लागतं.

२०१९ च्या व्हेनिस बिएनाले या कलाप्रदर्शनात कॅनडाच्या दालनात इसुमा होती. तिथं दाखवलेल्या कुनुक यांच्या चित्रपटात १९६१ मधला एक दिवस आहे. कपुइविकजवळ राहणाऱ्या नोआ पिउगाट्टुक यांना एक सरकारी माणूस वसाहतीत चला म्हणून समजावतो आहे. दुभाषी मध्ये आहे, चहा ओतला जातो आहे, आणि म्हातारा पुन्हा पुन्हा नाही म्हणतो आहे.

जानेवारी २०२१ मध्ये 'उवागुत' सुरू झाली, इनुक्टिटूटमधली चोवीस तासांची पहिली दूरचित्रवाहिनी. उवागुत म्हणजे आपलं. तिच्यावर 'ताकुगिनाई' च्या बाहुल्या लागतात, 'नुनावुत' चे भाग लागतात आणि ऐंशीच्या दशकातल्या मुलाखती लागतात. त्यांत बोलणारे बहुतेक वृद्ध आता नाहीत. इग्लूलिकच्या एखाद्या घरात संध्याकाळी टीव्ही लावला की आजोबा लादी कापताना दिसतात, आणि सुरी कुठं टेकवायची ते इनुक्टिटूटमध्ये सांगतात.